अब्दुलच्या पुढे

२०२५ च्या रमजानमधली गोष्ट आहे. दहावा की अकरावा रोजा असेल. असरची नमाज झाली होती आणि आम्ही खजूर, कलिंगड घेऊन स्वारगेटवरून घराकडे निघालो होतो. भुयारी मेट्रो सुरू झाल्यावर जेधे चौकातला रस्ता ओलांडणे सोपे होईल असे आम्हाला वाटले होते. ते काही झालेले नाही. दोन्ही हातांत पिशव्या घेऊन आम्ही सिग्नलची वाट बघत उभे होतो, तेवढ्यात रिक्षा स्टँडकडून हाक आली, "सर, ओ सर!"

ओळखीचे रिक्षावाले होते. त्यांची मुलगी आमच्या वर्गात होती, २०१८ च्या दहावीच्या तुकडीत. पुढे दोन-तीन वर्षे घरात बसली, आईचे आजारपण काढले, मग १७ नंबरचा फॉर्म भरून बाहेरून बारावी झाली आणि २०२२ मध्ये बी.ए.ला गेली. आमच्या मोहल्ल्यात ही लहान गोष्ट नव्हे. तिचे नाव इथे लिहीत नाही, तिच्या वालिदांचेही पूर्ण नाव लिहीत नाही. का, ते पुढे कळेलच.

"सर, बच्ची का परचा अटक गया. कॉलेजवाले बोल रहे, हॉल तिकीट नहीं आएगा."

"कौन से साल का?"

"आखरी साल का."

रोजाने सुकलेले तोंड, त्यात ही बातमी. "रात को तरावीह के बाद फाइल लेके आओ," एवढेच आम्ही म्हणालो आणि अजान व्हायच्या आत घर गाठले.

रात्री बाप-लेक दोघे आले. तिच्या हातात निळी प्लॅस्टिकची फाइल होती. अशा फाइली आम्ही चांगल्या ओळखतो. गरिबाच्या घरात जे काही मौल्यवान असते ते या फाइलीत असते. आधार, रेशनकार्डाची झेरॉक्स, दाखला, गुणपत्रिका. कॉलेजने सांगितले होते की तुझी 'एलिजिबिलिटी क्लिअर' नाही, दहावी आणि बारावीच्या कागदांवर नाव जुळत नाही, त्यामुळे परीक्षेचा फॉर्म मंजूर होणार नाही. पहिल्या वर्षाची परीक्षा दिली, दुसऱ्याची दिली, निकाल लागले, तिसऱ्या वर्षाची फीही भरली आणि शेवटच्या सहामाहीला कॉलेजला नाव आठवले!

आम्ही तीन कागद दस्तरख्वानाच्या जागेवर ओळीने मांडले. शाळा सोडल्याचा दाखला, दहावीची गुणपत्रिका, बारावीची गुणपत्रिका. मुलीचे नाव तिन्हीवर सारखे. आडनाव सारखे. दाखल्यावर बापाचे नाव पूर्ण होते. बारावीवर पूर्ण होते, कारण १७ नंबरचा फॉर्म दाखला बघून भरला होता. दहावीच्या गुणपत्रिकेवर मात्र नुसते 'अब्दुल'. पुढे काही नाही.

आता हे आमच्या वाचकांना समजावून सांगायची गरज नाही, तरी सांगतो. उर्दूत हे नाव जोडून, एका शब्दासारखे लिहितात. 'अब्द' म्हणजे बंदा. पुढचे 'उल' हे पुढच्या नावाचे, आणि ते पुढचे नाव अल्लाहच्या नावांपैकी एक. देवनागरीत किंवा इंग्रजीत लिहायला घेतले की त्याचे दोन तुकडे होतात आणि कारकुनाला वाटते, पहिला तुकडा नाव आणि दुसरा काहीतरी जादा. एकटे 'अब्दुल' म्हणजे 'अमक्याचा बंदा', आणि अमका कोण ते गायब! आम्ही स्वतः आठवीच्या मुलांना दरवर्षी हे फळ्यावर लिहून शिकवतो.

आणि २०१८ च्या त्या तुकडीचे वर्गशिक्षक आम्ही होतो. बोर्डाचे फॉर्म आम्ही भरले. बोर्डाकडून नावांची प्री-लिस्ट येते, ती तपासून वर्गशिक्षक सही करतो. तीही सही आमचीच. म्हणजे ज्या माणसाने 'अब्दुल'च्या पुढचे नाव गाळले तो आमच्याच घरात, आमच्याच सतरंजीवर बसून कागद बघत होता.

आम्ही काही बोललो नाही. मुलगीही बोलली नाही. पण तिला माहीत होते, हे आम्हाला नंतर कळले.

फाइलीत आणखी एक कागद होता. कॉलेजच्या खिडकीवर तिच्याकडून लिहून घेतलेल्या अर्जाची झेरॉक्स. त्यात तिने लिहिले होते की माझ्या चुकीमुळे माझ्या नावात फरक पडला असून त्याबद्दल मी माफी मागते, आणि विद्यापीठ जो निर्णय घेईल तो मला मान्य राहील. "ये किसने लिखवाया?" आम्ही विचारले. "वो बोले ऐसा लिख के दे, तो देखते." तिने दिले. परीक्षा तोंडावर आलेली मुलगी आणखी काय करणार? पदवी हातात आल्यावर बी.एड. करायचे, म्हणून सीईटीचा फॉर्म भरलेला. मंगनी झालेली, पण पदवीआधी रुखसती नाही, हे तिने बापाकडून मोठ्या मुश्किलीने मंजूर करून घेतलेले. एक वर्ष गेले असते तर नुसते वर्ष गेले नसते.

आमचे साडूभाई शिवाजीनगरच्या कोर्टात वकिली करतात. रात्री साडेदहाला आम्ही त्यांना फोन लावला. त्यांनी आधी आम्हाला झापले (हा त्यांचा हक्कच आहे), मग म्हणाले, "मास्तर, आधी तारखा लिहून काढा. प्रवेश कधी, फी कधी, पहिली परीक्षा कधी, निकाल कधी. आणि कॉलेजला ही चूक पहिल्यांदा कधी कळली, ते शोधा. सगळी केस त्या तारखेवर आहे."

दुसऱ्या दिवशी इफ्तारीला ते घरीच आले आणि आमची शिकवणी घेतली. आम्ही बी.एड. केले, बालमानसशास्त्र शिकलो, शालेय व्यवस्थापन शिकलो, पाठ टाचणे काढली. पण पात्रता म्हणजे काय हे आम्हाला कुणी शिकवले नव्हते. सर्वसाधारण समज असा की कॉलेजने फी घेतली, ओळखपत्र दिले, म्हणजे प्रवेश झाला. तसे नसते. प्रवेश कॉलेज देते, पण विद्यार्थी त्या अभ्यासक्रमाला पात्र आहे की नाही हे विद्यापीठ ठरवते. तोपर्यंत प्रवेश तात्पुरता. दुसऱ्या बोर्डातून आलेल्यांना स्थलांतर प्रमाणपत्र द्यावे लागते, नावात फरक असेल तर शपथपत्र, शिक्षणात खंड असेल तर त्याचा खुलासा. हे कागद कॉलेजमार्फत जातात आणि त्रुटी निघाली तर पत्र कॉलेजकडे येते. ते पत्र विद्यार्थ्याच्या हातात पडायचे की कपाटात, हे पुढचे नशीब.

मग साडूभाईंनी श्रीकृष्णाची कथा सांगितली. आम्हाला वाटले, वकील लोक रमजानमध्येही महाभारत काढतात की काय! पण हा श्रीकृष्ण कुरुक्षेत्राचा असला तरी कुरुक्षेत्र विद्यापीठाचा होता. नोकरी सांभाळून कायदा शिकणारा विद्यार्थी. पहिल्या भागाच्या परीक्षेला १९७२ मध्ये विद्यापीठाने त्याला बसू दिले. तीन विषय राहिले. पुढच्या वर्षी दुसऱ्या भागाबरोबर ते विषय द्यायला गेला तेव्हा विद्यापीठाला आठवले की याची पहिल्या वर्षाची हजेरी कमी होती आणि वरिष्ठांची परवानगीही आलेली नव्हती. उमेदवारी रद्द. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि नोव्हेंबर १९७५ मध्ये निकाल लागला. निकालपत्र न्यायमूर्ती सय्यद मुर्तझा फझल अली यांनी लिहिले. त्यांचे म्हणणे असे की फॉर्म आला की तो तपासणे हे विद्यापीठाचे काम. हजेरी कमी आहे हे कळायला विद्यापीठाला कुणी अडवले नव्हते. न तपासता परीक्षेला बसू दिले, तर नंतर त्याच कारणावरून उमेदवारी काढून घेता येत नाही. तो अधिकार परीक्षेपूर्वी वापरायचा असतो, परीक्षा झाली की संपला. विद्यार्थ्याने खोटे सांगितलेले नसेल, काही दडवलेले नसेल, तर विद्यापीठाने आपल्या आळसाचे खापर त्याच्या डोक्यावर फोडायचे नाही.

आणि याच निकालात, साडूभाईंनी बोट उचलून सांगितले, आणखी एक गोष्ट आहे. श्रीकृष्णनेही विद्यापीठाला पत्र लिहून आपली हजेरी कमी असल्याचे कबूल केले होते. विद्यापीठ म्हणाले, बघा, याने कबूलच केले. न्यायालय म्हणाले, परीक्षेला बसता यावे म्हणून घायकुतीला आलेल्या माणसाने ते लिहिले. आपले कायदेशीर हक्क माहीत नसताना किंवा दबावाखाली दिलेली कबुली लिहिणाऱ्याला बांधत नाही.

मुलगी दाराच्या चौकटीला टेकून ऐकत होती. तिने निळी फाइल छातीशी धरली होती. "मतलब वो माफीवाला कागज..." ती म्हणाली. साडूभाई म्हणाले, "बेटा, तो कागद विसरून जा. आता नवा अर्ज लिहायचा. त्यात माफी नाही, तारखा."

त्या रात्री आम्हाला पहिल्यांदा वाटले की हे सुटेल. पण साडूभाई जुने वकील. आशा दाखवली की लगेच अर्धी परत घेतात. म्हणाले, हे सगळ्यांना लागू पडते असे समजू नका. १९९० मध्ये बेऱ्हामपूर विद्यापीठाच्या प्रकरणात सनातन गौडा नावाच्या कायद्याच्या विद्यार्थ्याला न्याय मिळाला, कारण त्याने गुणपत्रिका आधीच दिलेली होती आणि तरी विद्यापीठाने परीक्षा होऊ दिल्या. १९८६ मध्ये कर्नाटकातल्या अभियांत्रिकी विद्यार्थ्यांना सर्वोच्च न्यायालयाने अपात्रच ठरवले, तरी शिकू दिले. विद्यार्थ्यांपेक्षा त्यांना प्रवेश देणाऱ्या कॉलेजांचा दोष मोठा, असे म्हणून. पण त्याउलटही आहे. आपल्याच महाराष्ट्रात मान्यता नसलेल्या शिक्षक-प्रशिक्षण संस्थेच्या विद्यार्थ्यांना उच्च न्यायालयाने परीक्षेला बसू दिले होते. १९९२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश फिरवला. संस्थेलाच मान्यता नसेल तर दया दाखवून शिक्षक तयार करता येत नाहीत, असा त्याचा रोख होता. शिक्षक म्हणून आम्हाला हे पटते. त्या संस्थेत पैसे भरलेल्या पोरांचे पुढे काय झाले असेल, हा प्रश्न मात्र पटण्याच्या पलीकडे उरतो.

मग सुरजीत कौर यांची गोष्ट निघाली आणि आम्हाला आमच्या बी.एड.च्या तुकडीतला एक मित्र आठवला. तो चोरून एम.ए.चा फॉर्मही भरून बसला होता. दोन्ही परीक्षांच्या तारखा एक आल्या म्हणून वाचला. सुरजीत कौर यांनी हरियाणात महर्षी दयानंद विद्यापीठात एम.ए. आणि बी.एड. एकाच वेळी केले. नियमाने ते चालत नव्हते. विद्यापीठाने बी.एड. रद्द केले, पुढे १९९८ मध्ये खास संधी म्हणून परीक्षेला बसू दिले, पण पदवी दिली नाही. त्या ग्राहक मंचात गेल्या. २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, परीक्षार्थी हा विद्यापीठाचा ग्राहक नव्हे, आणि नियमच मनाई करत असेल तर 'बसू दिले होते' या बळावर पदवी मिळत नाही. आता २०२२ पासून विद्यापीठ अनुदान आयोगाने दोन पदव्या एकाच वेळी करायला मुभा दिली आहे. ज्यांचे आयुष्य त्या नियमाने आधीच वाकले, त्यांच्यासाठी ही मुभा काय कामाची?

म्हणजे फरक कुठे? आम्हाला समजला तो असा. पोराकडे मूळ पात्रताच नसेल, तर विद्यापीठाची चूक त्याला पात्र करत नाही. कागद मागाहून द्यायचा राहिला, नावात अक्षर चुकले, हजेरीचा हिशेब वेळेवर झाला नाही, अशा ठिकाणी त्याची बाजू भक्कम असते. आमच्या मुलीने दहावी खरी पास केली होती, बारावी खरी पास केली होती. अपुरे होते ते बापाचे नाव.

याच ओघात मदरशांचा विषय निघणारच होता, तो निघाला. ५ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशचा मदरसा शिक्षण कायदा वैध ठरवला, पण कामिल आणि फाजिल या पदव्या देण्याचा भाग रद्द केला. पदवी देण्याचा अधिकार विद्यापीठ अनुदान आयोगाच्या कायद्याने ठरतो, मदरसा बोर्डाला तो नाही. आमच्या अम्मी हे ऐकत होत्या. त्यांना कामिल झालेला त्यांचा उत्तर प्रदेशातला भाचा आठवला आणि त्या उठून आत गेल्या. आपल्याकडे मुलाला कुठे घालायचे हे ठरवताना तालीम कशी आहे ते विचारतात, राहण्याचे काय ते विचारतात. या सनदेवर पुढे कुठे प्रवेश मिळतो, हे कुणी विचारत नाही. विचारले पाहिजे, आणि प्रवेशाच्या आधी विचारले पाहिजे.

अर्ज आम्ही लिहिला. मराठीत. दोन पाने. तारखा, भरलेल्या फीच्या पावत्यांचे क्रमांक, दोन वर्षांचे निकाल, आणि शेवटी मागणी: पात्रतेबाबत काही त्रुटीपत्र आले असेल तर त्याची प्रत द्यावी, आणि तोवर परीक्षेचा फॉर्म रोखू नये. साडूभाईंनी बजावले होते की पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडायची नाही. खिडकीवरच्या माणसाने पोच द्यायला अर्धा तास घेतला. "इथे पोचबिच देत नाही," म्हणाला. आम्ही म्हणालो, "मग आवक क्रमांक तरी लिहा." शिक्षकी पेशाचा एवढा फायदा होतो की माणूस किती वेळ उभे राहू शकतो याला मर्यादा नसते. शिक्का मिळाला.

विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी २०२३ च्या नियमांप्रमाणे प्रत्येक संस्थेत निवारण समिती असायला हवी, तिने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायला हवा आणि वर विद्यापीठाचा लोकपाल असायला हवा. आम्ही विचारले, समिती कुठे आहे? त्यावर खिडकीतल्या माणसाने ज्या नजरेने पाहिले ती नजर आम्ही आमच्या वर्गात गृहपाठ विचारल्यावर बघतो. माहितीच्या अधिकाराचा अर्ज दहा रुपयांत होतो, पण त्याला तीस दिवसांची मुदत, आणि परीक्षा त्याच्या आत. उच्च न्यायालय मुंबईत. स्वारगेटहून गाडीत बसले की पोहोचता येते, प्रश्न वकिलाच्या फीचा होता. शिवाय साडूभाईंचा इशारा होता की अंतरिम आदेशावर परीक्षेला बसले म्हणून हक्क पक्का होत नाही. २००३ मध्ये सीबीएसईच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशा आदेशांबद्दल चांगलीच नाराजी दाखवली आहे. न्यायालय हा शेवटचा दरवाजा. त्याआधीचे सगळे वाजवून या.

तर आम्ही प्राचार्यांचा वाजवला. बाई होत्या, निवृत्तीला आलेल्या. त्यांनी ऐकून घेतले, आवक रजिस्टर मागवले आणि स्वतः पाने उलटली. मार्च २०२३ च्या पानावर नोंद सापडली. नावातील तफावतीबाबत त्रुटीपत्र, बारा विद्यार्थी. शेरा: 'फाइल करा.' दोन वर्षे ते पत्र फाइलमध्ये होते! बारा पोरांपैकी किती जण आपली चूक समजून माफीनामे लिहून गेले, देव जाणे. प्राचार्यबाई खूप वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "सर, मी आज पाठवते. पण शाळेचे पत्र पाहिजे, नाव का वेगळे आले त्याचे. आणि शपथपत्र." खिडकीतल्या माणसाने मध्येच नावबदलाचे राजपत्र मागितले. आम्ही म्हणालो, "नाव बदललेले नाही, नाव कापले गेले आहे." बाईंनी त्याला गप्प केले.

शपथपत्राची वेगळीच कथा. ऑक्टोबर २०२४ पासून शंभराचा स्टॅम्प जाऊन पाचशेचा आला. मार्च २०२५ मध्येच महसूलमंत्र्यांनी विद्यार्थ्यांच्या दाखल्यांच्या शपथपत्रांना ते शुल्क माफ केल्याची घोषणा केली होती. वर्तमानपत्राचे कात्रण आम्ही खिशात घेऊन गेलो. टायपिंगवाला म्हणाला, "सर, कात्रणावर काम होत नाही." रिक्षावाल्या बापाने पाचशेची नोट काढली. दिवसभराची कमाई होती ती. आम्ही देत होतो, त्यांनी घेतले नाहीत.

उरले शाळेचे पत्र. ते लिहायचे आम्ही आणि सही करायची मुख्याध्यापकांनी. जनरल रजिस्टरमध्ये नाव बरोबर होते, त्यामुळे रजिस्टर दुरुस्तीचा प्रश्नच नव्हता. (तो असता तर शिक्षणाधिकाऱ्यांची परवानगी लागते. शाळा सोडल्यावर उघड चूकसुद्धा दुरुस्त होत नाही असे अनेक शाळा सांगतात, पण २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ती होऊ शकते असे म्हटले आहे. आणि २०२१ च्या जिग्या यादव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नावाला माणसाच्या अभिव्यक्तीचा भाग मानून बोर्डाला दुरुस्तीची वाट खुली करायला लावली.) आमच्या बाबतीत फक्त एवढे लिहायचे होते की रजिस्टर बरोबर आहे आणि बोर्डाच्या फॉर्ममध्ये चूक झाली. कुणाकडून झाली?

मुख्याध्यापक भले गृहस्थ. त्यांनी मसुदा वाचला आणि चष्मा काढला. "हे 'वर्गशिक्षकाकडून' कशाला? 'अनवधानाने' पुरे आहे. उद्या खात्याने खुलासा मागितला तर? तुमची वरिष्ठ वेतनश्रेणी व्हायची आहे." ते खोटे नव्हते. आम्ही खुर्चीत बसून राहिलो. बाहेर मुले पाढे म्हणत होती. आम्ही अनवधानाने लिहिले तर कॉलेज म्हणेल, अनवधान कुणाचे? फॉर्मवर सही विद्यार्थिनीची आहे. आणि तिचा माफीनामा फाइलला लागलेला आहेच. सगळे कागद एकमेकांना जुळले असते आणि चूक तिची झाली असती.

खरे सांगतो, आम्ही तो मसुदा त्या दिवशी घरी परत आणला. एक रात्र काढली. घरात बोललो नाही. सहरीच्या वेळी अम्मींनी विचारले, "क्या लिखा था उस बच्ची ने माफीनामे में?" आम्ही सांगितले. त्यांनी पोळी तव्यावर टाकली आणि म्हणाल्या, "और तू?"

सकाळी पत्र दिले. 'तत्कालीन वर्गशिक्षकाकडून फॉर्म भरताना व प्री-लिस्ट तपासताना वडिलांच्या नावाचा दुसरा भाग लिहिण्याचे राहून गेले. विद्यार्थिनीचा यात दोष नाही.' खाली आमचे नाव, सही. मुख्याध्यापकांनी वर सही केली आणि म्हणाले, "चला, रोजा आहे, वाद नको."

हॉल तिकीट ईदनंतर दोन दिवसांनी आले. कॉलेजने बाराही जणांचे प्रस्ताव एकदम पाठवले होते, असे नंतर समजले. परीक्षा झाली. जूनमध्ये बाकीच्यांचे निकाल लागले, हिचा 'राखीव'. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायदा २०१६ प्रमाणे निकाल तीस दिवसांत, फार तर पंचेचाळीस दिवसांत लावायचा असतो. राखीव निकालाचे दिवस कुठल्या कॅलेंडरवर मोजायचे, हे त्यात नाही. पुन्हा अर्ज, पुन्हा पोच. जुलैमध्ये निकाल मिळाला. बी.एड.च्या प्रवेशाची फेरी तिने शेवटच्या क्षणी गाठली. या वेळी कागद जमा करताना तिने प्रत्येकाची पोच मागितली, असे तिच्या वालिदांनी हसत सांगितले. त्यांना वाटले, पोरगी भांडकुदळ झाली.

पेढे घेऊन दोघे आले तेव्हा तिने आम्हाला सांगितले की दहावीची गुणपत्रिका हातात पडली त्याच दिवशी तिला ही चूक दिसली होती. "तो बोली क्यों नहीं?" "सर, आपने भरा था ना. मुझे लगा ऐसाच लिखते होंगे."

खुलासा खात्याने अद्याप मागितलेला नाही. गुणपत्रिकेच्या दुरुस्तीचा प्रस्ताव विभागीय मंडळाकडे गेला.

नोव्हेंबरात दिल्ली उच्च न्यायालयाने कायद्याच्या विद्यार्थ्यांना केवळ हजेरी कमी म्हणून परीक्षेपासून रोखू नये असे म्हटल्याची बातमी आली. २०१६ मध्ये सुशांत रोहिला या विद्यार्थ्याने हजेरीच्या कारणाने परीक्षेला बसू न दिल्यावर जीव दिला होता, त्या प्रकरणातून ते निघाले. साडूभाईंनी कात्रण पाठवले आणि खाली लिहिले, 'मास्तर, वाचा.' आम्ही वाचले. नऊ वर्षे लागली.

डिसेंबरात यंदाच्या दहावीची प्री-लिस्ट आली. पूर्वी आम्ही ती स्टाफरूममध्ये चहाबरोबर तपासत असू. या वेळी वर्गात नेली. एकेकाचे नाव मोठ्याने वाचले, आपले, बापाचे, आईचे, आडनावाचे इंग्रजी स्पेलिंग अक्षर अक्षर, आणि प्रत्येकाला उभे राहून 'बरोबर' किंवा 'चूक' म्हणायला सांगितले. एकेचाळीस मुले. पहिली सहा-सात 'बरोबर, बरोबर' म्हणून बसली. एका मुलाच्या बापाच्या नावाआधी 'मोहम्मद'च्या जागी नुसते 'मो.' होते, ते दुरुस्त केले. मग मागच्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली. ओढणीचे टोक बोटाला गुंडाळत होती. आम्ही नाव वाचले. ती गप्प. पुन्हा वाचले.

"सर," ती म्हणाली, "गलत है. पर आपने लिखा है."

आम्ही लाल पेन काढले.